आंब्यावर वाढलेलं बाशिंग हे बांडगूळ आहे का? ते काढून टाकावं का?

तुमच्या घरामागच्या जुन्या आंब्यावर नेच्याने बस्तान मांडलंय, खोडाला चिकटलेली त्याची पानं वाळून तपकिरी झालीत, आणि बागेत काम करणारे म्हणतात की हे बांडगूळ आहे, उपटलं नाही तर आंबा मरेल. कृपया उपटू नका. तुम्ही केलेल्या वर्णनावरून हे बाशिंग आहे, म्हणजे ड्रायनेरिया क्वर्सिफोलिया. वांदरबाशिंग असंही म्हणतात. आपल्या सह्याद्रीतला हा अस्सल रानातला नेचा, आणि आंब्याशी त्याचं कसलंही वैर नाही.

बांडगुळाची गोष्ट वेगळी. फुलटोचा पक्षी त्याची फळं खातो, चिकट बी फांदीवर पडते, तिथेच रुजते आणि थेट सालीच्या आत घुसून झाडाचं पाणी आणि क्षार ओढायला लागते. ते काढायलाच हवं, आणि तेही नुसतं ओरबाडून नाही, तर जिथे लागलंय त्याच्या बरंच खालून फांदी कापून. बाशिंगाची मुळं मात्र सालीच्या वरच्या थरालाच धरून असतात. त्याला झाडाकडून जागा हवी असते, अन्न नव्हे.

मग ते खातं काय? याचं उत्तर तुम्हाला ज्यांची भीती वाटतेय त्याच तपकिरी पानांत आहे. बाशिंगाला दोन प्रकारची पानं येतात. लांब देठाची, खोल कातरलेली हिरवी पानं, जी मीटरभरसुद्धा वाढतात, ती अन्न तयार करतात. दुसरी बिनदेठाची, वीत-दीड वीत लांबीची, खोडाला टेकून उभी राहणारी. ती सुरुवातीला हिरवी असतात, पण लवकरच तपकिरी होतात आणि गळून न पडता तशीच कडक राहतात. म्हणजे हा रोग नाही, त्यांचं कामच त्यानंतर सुरू होतं. वरून पडणारा पाचोळा, धूळ, पक्ष्यांची विष्ठा असं सगळं त्या पानांच्या आणि खोडाच्या मधल्या खोबणीत साठतं, कुजतं आणि त्याचं खत होतं. जमिनीपासून कितीतरी उंचावर हा नेचा स्वतःची माती स्वतः तयार करतो! मला तर सह्याद्रीतल्या वनस्पतींमध्ये याहून हुशार व्यवस्था क्वचितच दिसली आहे.

शिडी लावून एकदा जवळून बघाच. तपकिरी पान अलगद बाजूला केलंत की आत काळी, भुसभुशीत माती हाताला लागेल. त्यात अर्धवट कुजलेली आंब्याची पानं, मुंग्या, कधी एखादी गोगलगाय. या मातीत शिरलेली मुळं जिथून निघतात तो अंगठ्याएवढा जाड कंद खोडावर आडवा पसरलेला असतो आणि त्यावर तपकिरी खवल्यांची दाट लव असते. फार जुन्या पानांचा मऊ भाग कुजून गेलेला असतो आणि शिरांची नुसती जाळी उरते, पण तीही पाचोळा अडवतच असते.

उन्हाळ्यात हा नेचा पार मेल्यासारखा दिसेल, तेव्हाही हात लावू नका. कोरड्या दिवसांत हिरव्या पानांच्या पाळ्या गळतात आणि मधल्या शिरा काड्यांसारख्या उभ्या राहतात. कंदात पाणी आणि अन्न राखून ठेवलेलं असतं. पाऊस लागला की नवी पानं फुटतात. पावसाळ्यात हिरवं पान उलटून पाहिलंत तर शिरांच्या मध्ये बारीक गोल ठिपक्यांच्या ओळी दिसतील. पुष्कळ लोक त्यांना कीड समजून औषध मारतात. त्या ठिपक्यांत बीजाणू असतात. बीजाणू ओल्या सालीवर पडला की त्यातून आधी नखाहून लहान, हिरवा पापुद्रा तयार होतो आणि त्यावर पाण्याचा थर असेल तरच पुढचं फलन होतं. म्हणून कोकण, आंबोली, महाबळेश्वर, माथेरान अशा भरपूर पावसाच्या भागात बाशिंग सहज दिसतं आणि देशावरच्या कोरड्या माळावर दिसत नाही.

झाडही जुनं लागतं. खरखरीत, ओल धरणाऱ्या सालीचे आंबे, फणस, जांभळं, हिरडे, शेवाळलेले कातळ, क्वचित पडक्या वाड्याची भिंत, ही त्याची घरं. देवराईतल्या थोराड झाडांवर बाशिंग, शेवाळ आणि ऑर्किडं एकमेकांना लागून वाढतात. तसं झाड तोडलं तर बदल्यात लावलेल्या रोपावर हा संसार उभा राहायला माणसाचा अर्धा जन्म जातो. तुमच्या आंब्यावर तो आपणहून आलाय, याचा मला तरी आनंद वाटतो.

काढण्याचं एकच कारण मला पटतं. फांदी आतून पोकळ किंवा कुजलेली असेल आणि पावसात भिजून जड झालेला मोठा झुबका तिच्यावर असेल, तर फांदी मोडू शकते. त्या वेळी फांदी उतरवा, पण बाशिंग फेकू नका. याचा कंद औषधी म्हणून रानातून खरवडून नेला जातो आणि त्यात झुबकेच्या झुबके जातात, म्हणून असं वाचलेलं बाशिंग मोलाचं आहे. कंदाचा पानं असलेला तुकडा पावसाळ्याच्या सुरुवातीला दुसऱ्या खरखरीत झाडाला, सावलीच्या बाजूने, सुंभाने बांधा. कंद मातीत पुरू नका, कुजतो. मुळांनी साल घट्ट धरेपर्यंत सुंभ सोडू नका.