कडीपर्यंत न पोहोचलेला हात

प्रिय विद्यार्थिनीस,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेली नृत्याची चित्रफीत मी तीनदा पाहिली. जिन्यातला उजेड सुरेख पकडला आहेस. पण भीती आली की तू डोळे विस्फारतेस, हात थरथरवतेस, आणि पाहणाऱ्याला तुझी भीती कळते, भिडत मात्र नाही. नाट्यशास्त्राने भयानक रसाचे अनुभाव, म्हणजे भीती बाहेर दाखवणारी शरीराची चिन्हे, म्हणून हातापायांचा कंप, रोमांच, चेहऱ्याची विवर्णता सांगितली ती रंगमंचासाठी, जिथे नर्तकाचा क्षण तोच प्रेक्षकाचाही क्षण असतो. चित्रपटात काळ कापता येतो, ताणता येतो, आणि नेमके तेच तू केलेले नाहीस.

प्रयोगशील अमेरिकी चित्रपटकार माया डेरेनचा १९४६चा ‘रिच्युअल इन ट्रान्सफिगर्ड टाइम’ हा मूकपट निवांत पाहा. त्यातल्या मेजवानीत माणसे एकमेकांकडे वळतात, हात पुढे करतात, हसतात, आणि भेट पुरी होण्याआधीच दृश्य तुटून तीच हालचाल पुन्हा समोर येते. कोणीही पदन्यास करत नाही, तरी सारा प्रसंग नृत्य होतो. अनोळखी घोळक्यात शिरताना पोटात जो गोळा येतो, तो एकाही घाबरलेल्या चेहऱ्याशिवाय तिथे आहे. पुढे पुतळा होऊन उभा राहिलेला पुरुष नायिकेचा पाठलाग करतो, तेव्हा त्याच्या हालचाली मध्येच गोठतात, आणि शेवटी ती पाण्यात उतरल्यावर चित्र निगेटिव्ह होऊन तिची काळी वस्त्रे पांढरी दिसू लागतात.

भीतीला समोर काहीतरी असते, म्हणून शरीर पळते किंवा थिजते. चिंतेला समोर काहीच नसते, म्हणून कृती अर्धवट राहते. तुझा हात दाराच्या कडीकडे जातो आणि करंगळी नकळत आत वळते, ते दृश्य मला सर्वांत खरे वाटले, आणि तू ते दोन सेकंदांत उरकलेस! बोटे कडीला लागण्याआधी दृश्य काप, दुसऱ्या बाजूने तोच हात पुन्हा येऊ दे, तिसऱ्यांदा फक्त खांदा दाखव. कॅमेरा हलवण्याचा मोह टाळ. माझ्या पहिल्या प्रयोगात मी तो इतका हलवला होता की पाहुण्यांना भीतीऐवजी मळमळ झाली. आणि श्वास खरोखर कोंडून धरू नकोस, निदान जिन्यात तरी.

पुढच्या रविवारपर्यंत कडीचे तेवढे तीन तुकडे जोडून पाठव, संगीत न घालता.

तुझा,
सर