खेळ-चौकशी: खानदेशावरची चढाई अंगाशी का आली?

प्रश्न: ‘युरोपा युनिव्हर्सालिस ४’ या संगणकावरच्या राज्य-विस्ताराच्या खेळात मी बहामनी सल्तनत घेऊन खेळतोय. शेजारचं खानदेश चिमुकलं, म्हणून सरळ युद्ध पुकारलं. तर गुजरात आणि माळवा दोघेही माझ्यावर तुटून पडले, माझा दोस्त आलाच नाही, वर घरात बंडाळी. असं का झालं?
(एक महाविद्यालयीन वाचक, सांगली)

उत्तर: युद्ध जाहीर करायच्या खिडकीत दोन्ही बाजूंनी कोण कोण उतरणार याची यादी असते. ती न वाचता बटण दाबणारे तुम्ही एकटे नाही, आमच्याकडे अशी पत्रं कायम येतात! ज्याच्यावर हल्ला होतो त्याच्या हाकेला दोस्त सहसा धावतात. हल्ला करणाऱ्याने बोलावलं की मात्र हिशेब सुरू होतो: डोक्यावर कर्ज किती, दुसरीकडे लढाई चालू आहे का, जिंकलेल्या मुलखात वाटा मिळणार का, जुने उपकार फेडायचे आहेत का. दोस्ताच्या नावावर माऊस नेलात की नकाराची कारणं आकड्यांसकट दिसतात.

बंडाळीचं कारण वेगळं आहे. तुमच्याकडे युद्धाचा हक्क, म्हणजे खेळाडूंच्या भाषेत ‘सीबी’, नव्हता. सीबीशिवाय युद्ध पुकारलं की स्थैर्य, म्हणजे राज्याची घडी किती पक्की याचा आकडा, दोनने घसरतं आणि ते उणे झालं की असंतोष वाढतो. म्हणून आधी एक वकील, म्हणजे राजदूत, खानदेशात पाठवा आणि हेरांचं जाळं विणायला लावा. जाळं २० पर्यंत आलं की सीमेला लागून असलेल्या प्रांतावर दावा तयार करता येतो. तो २५ वर्षं टिकतो, तेव्हा घाई नको. गुजरात दुसऱ्या कुणाशी झुंजत असेल तो मुहूर्त धरा.

मुलूख घेतल्यावर शेजाऱ्यांच्या मनात साचणारी धास्ती म्हणजे ‘एई’, अॅग्रेसिव्ह एक्स्पान्शन. पराभूताच्या धर्माचे शेजारी जास्त बिथरतात, त्यामुळे खानदेश गिळलंत तर गुजरात आणि माळव्याला जेवढं झोंबेल तेवढं विजयनगरला नाही. तुमच्याबद्दल मत वाईट असलेल्या देशांची एई पन्नासच्या वर गेली की ते तुमच्याविरुद्ध आघाडीत शिरू शकतात, आणि मग एकाशी भांडलात की सगळ्यांशी भांडण. माझी सवय सांगतो: उत्तरेत एक-दोन प्रांत घेतले की पुढचं युद्ध दक्षिणेत, रायचूर दोआबाच्या बाजूला. तोवर उत्तरेचा राग वर्षागणिक उतरत जातो.

तहानंतरची शस्त्रसंधीही लक्षात ठेवा. जितकं जास्त ओरबाडाल तितकी ती लांबते, पाचपासून पंधरा वर्षांपर्यंत. ती मोडलीत तर स्थैर्य एकदम पाचने खाली. आपल्याकडे पुरंदरचा तह झाला जून १६६५ मध्ये, तेवीस किल्ले गेले, आणि फेब्रुवारी १६७० मध्ये कोंढाणा परत स्वराज्यात आला. या गेमने महाराजांना तेवढ्यासाठी दंड ठोकला असता. औरंगजेबाच्या दरबारात तहाची किती बूज राखली गेली, हे मोजायला गेममध्ये रकानाच नाही. ही त्याची मोठी उणीव, असं माझं मत.

प्रश्न: ‘व्हिक्टोरिया ३’ मध्ये युद्ध पुकारायचं बटणच सापडत नाही. कुठे आहे?
(एक वाचक, पुणे)

उत्तर: नाहीच! १८३६ पासून सुरू होणाऱ्या या खेळात तुम्ही आधी मागणी ठेवता आणि डिप्लोमॅटिक प्ले, म्हणजे युद्धाआधीची राजनैतिक ओढाताण, सुरू होतो. मग तणावाचा काटा चढत राहतो आणि तेवढ्या वेळात दोन्ही पक्ष बड्या सत्तांना आमिषं दाखवून आपल्याकडे ओढतात. काटा भरेपर्यंत कुणीच माघार घेतली नाही तर युद्ध. समोरच्याने घेतली तर तुमची मुख्य मागणी गोळी न झाडता पदरात पडते, पण नंतर जोडलेल्या मागण्या सुटतात. म्हणून जे खरोखर हवं तेच सुरुवातीला मागा. आणि ब्रिटन समोरच्या बाजूला झुकताना दिसलं तर हट्ट सोडा. माघार तुम्हीही घेऊ शकता, फक्त मग समोरच्याची मुख्य मागणी तुम्हाला द्यावी लागते. ती काय आहे ते आधीच बघून ठेवा.