‘दामदुप्पट’ म्हणजे नेमकं काय? हा शब्द आला कुठून?

दामदुप्पट म्हणजे सावकाराला एका वेळी मुद्दलाहून जास्त व्याज वसूल करता येणार नाही, असा जुना नियम. १०,००० रुपये दिले असतील, तर व्याज कितीही वर्षं थकलेलं असो, एका वेळी मागता येतं ते जास्तीत जास्त २०,०००: मुद्दल १०,००० आणि व्याज १०,०००.

‘दाम’ हा शब्द संस्कृत ‘द्रम्म’वरून आला आणि तो ग्रीक ‘द्राख्मा’ या नाण्यावरून, म्हणजे मूळ नाण्याचंच नाव. नियम मात्र इथलाच. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात एकरकमी घेतलेलं व्याज ‘द्वैगुण्य’, म्हणजे मुद्दलासह दुप्पट, ओलांडत नाही, असं म्हटलंय. इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी हा नियम हिंदू कर्जदारांपुरता मानला. मद्रासकडे तो चालत नव्हता. पुढे मुंबईच्या १९४६ च्या सावकारी कायद्यात आणि महाराष्ट्राच्या २०१४ च्या कायद्यातही हीच मर्यादा आली.

पण ‘एका वेळी’ हे शब्द महत्त्वाचे. वेळच्या वेळी भरत गेलेल्या व्याजाची वर्षानुवर्षांची बेरीज मुद्दलापेक्षा जास्त झाली, तरी जुना नियम मोडत नाही. तो थकबाकीपुरता आहे. त्यामुळे वीस वर्षांच्या गृहकर्जाचा हिशोब घेऊन बँकेशी दामदुप्पटीवरून भांडू नका, सावकारी कायदा बँकांना लागू नाही. आणि ठेव दुप्पट करणाऱ्या ‘दामदुप्पट योजने’त हा शब्द अगदी उलटा फिरलाय: नियमात दुप्पट ही मर्यादा होती, जाहिरातीत ते आमिष झालंय.