बेळगावच्या मुलाला टीव्हीवरील गेम शो आणि विनोदी कार्यक्रमांचा निर्माता होता येईल का?

बेळगावात एकांकिका आणि प्रश्नमंजूषा करत आलेल्या मराठी माध्यमाच्या मुलाला गेम शो आणि विनोदी कार्यक्रमांचा निर्माता होता येईल का, आणि ते काम नेमके कसे असते, असा आपला प्रश्न आहे. मी मूळचा खानापूर तालुक्यातला असून मुंबईत दोन्ही प्रकारच्या कार्यक्रमांच्या निर्मिती विभागात काम केले आहे. निर्माता नक्कीच होता येईल. मात्र टीव्हीच्या धंद्यात दोन्ही 'नॉन-फिक्शन' (म्हणजे मालिकेसारखी सलग कथा नसलेले कार्यक्रम) या एकाच खात्यात मोडत असले, तरी ती दोन निरनिराळी कामे आहेत.

गेम शोचा निर्माता मुख्यतः नियमांचा राखणदार असतो. 'हू वाँट्स टू बी अ मिलियनेअर' १९९८ साली ब्रिटनमध्ये आयटीव्हीवर सुरू झाला. दूरदर्शनवर १९८५ पासून 'क्विझ टाइम' करणाऱ्या सिद्धार्थ बसू यांनी तोच साचा २००० साली 'कौन बनेगा करोडपती'च्या रूपाने हिंदीत उभा केला. आपल्या भागातल्या घरांनी तो पुढे २०१२ मध्ये पुनीत राजकुमार यांच्या सूत्रसंचालनात कन्नडमधून आणि २०१३ मध्ये सचिन खेडेकर यांच्या सूत्रसंचालनात मराठीतूनही पाहिला. प्रकाशयोजना, संगीत, लाइफलाइन, समोरासमोरच्या दोन खुर्च्या या गोष्टी मूळ साचा वापरण्याच्या परवान्याबरोबर येतात आणि त्यांत फारसा फेरफार करता येत नाही. निर्मात्याच्या हाती उरतात ते प्रश्न, स्पर्धकांची निवड आणि सूत्रसंचालकाची भाषा. प्रश्नांचा विभाग हा तर या कामाचा कणाच म्हटला पाहिजे. प्रत्येक उत्तर एकाहून अधिक स्वतंत्र ग्रंथांत ताडून पाहावे लागते, उरलेल्या तीन पर्यायांपैकी एकही ओढूनताणून बरोबर ठरणार नाही याची खात्री करावी लागते आणि चित्रीकरणापर्यंत प्रश्न कुणाच्या हाती लागू द्यायचे नसतात. ब्रिटनमध्ये २००१ साली एका स्पर्धकाने आपली पाळी येण्याची वाट पाहत बसलेल्या दुसऱ्या स्पर्धकाच्या खोकल्याच्या खुणांवर दहा लाख पौंड जिंकले. निर्मात्यांनी ती रक्कम अडवून ठेवली आणि २००३ मध्ये न्यायालयाने संबंधितांना दोषी ठरवले. स्पर्धा निखळ आहे, हा विश्वास उडाला की असा कार्यक्रम संपलाच.

विनोदी कार्यक्रमात आधाराला असा साचा नसतो. निलेश साबळे यांचा 'चला हवा येऊ द्या' २०१४ मध्ये आला, तर सचिन गोस्वामी आणि सचिन मोटे यांची 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' २०१८ मध्ये. आठवड्यामागून आठवडे नवी प्रहसने लिहून घेणे, ती वाचनाच्या वेळीच निर्दयपणे कापणे, तालमीत पडणारे प्रहसन चित्रीकरणापूर्वी बदलणे आणि लेखक थकण्याआधी दुसरा लेखक तयार ठेवणे, हेच येथे निर्मात्याचे खरे काम होय. माझ्या मते हे काम गेम शोपेक्षा अवघड आहे, कारण चुकीचा प्रश्न तपासून काढता येतो, पण न हसवणारे वाक्य तपासण्यासाठी कोणताही ग्रंथ नाही. त्यात वाहिनीचा कायदेविभाग जात, धर्म आणि राजकारण यांवरचे विनोद वगळायला लावतो. सीमाप्रश्नावरचा विनोद तर, मी पाहिले तेवढ्यात, वाचनाच्या पुढे कधी गेला नाही.

पैशांबाबत थोडक्यात सांगायचे, तर वाहिनी दर एपिसोडला ठरावीक रक्कम देते आणि हक्क बहुधा स्वतःकडेच ठेवते. ती रक्कम हाती येण्यास विलंब लागतो. स्टुडिओचे भाडे आणि तंत्रज्ञांचे पैसे मात्र तोवर थांबत नाहीत. म्हणून स्वतःची संस्था पहिल्या काही वर्षांत काढू नये.

बेळगावकडे कमतरता आहे ती स्टुडिओंची, तयारीची नव्हे. पु. ल. देशपांडे यांनी राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात शिकवले आणि पुढे दूरदर्शनच्या आरंभीच्या काळात तेथे कामही केले. कडोली किंवा उचगावच्या साहित्य संमेलनात मंडप, पाहुणे, वर्गणी आणि वेळापत्रक सांभाळलेल्या मुलाला निर्मिती व्यवस्थापनाचा बराचसा भाग आधीच ठाऊक असतो. शिवाय मराठी आणि कन्नड या दोन्ही भाषा येणाऱ्याला मुंबईप्रमाणे बंगळूरूचाही रस्ता खुला असतो. ही सोय साताऱ्याच्या मुलाला नाही.

सुरुवात 'निर्मिती सहायक' म्हणून करण्याऐवजी गेम शोमध्ये प्रश्न-संशोधक किंवा विनोदी कार्यक्रमात सहायक लेखक म्हणून करावी, असे मी सुचवेन. अर्जासोबत आपण स्वतः तयार केलेले, काठिण्यानुसार लावलेले आणि प्रत्येकाचा आधार नोंदवलेले प्रश्न किंवा रंगमंचावर प्रत्यक्ष झालेली दोन छोटी प्रहसने जोडावीत. निवड करणारी मंडळी पदवीपेक्षा ती पाने आधी वाचतात.