डिकूपाजला फेव्हिकॉल चालेल का?

प्रश्न: मी नाशिकला इंदिरानगरमध्ये राहते. दिवाळीत द्यायला एमडीएफचे (लाकडाचा भुसा दाबून केलेल्या बोर्डाचे) ट्रे आणि काचेच्या बाटल्या करायच्यात, छापील टिश्यू नॅपकिन चिकटवून, म्हणजे डिकूपाज. गावात मेनरोडला डिकूपाज ग्लू बघितला, बाटली एवढीशी आणि किंमत भरपूर. घरी फेव्हिकॉलचा मोठा डबा आहे, त्यात पाणी घालून भागेल का?

उत्तर: ताई, चिकटवायला फेव्हिकॉल बिनधास्त वापरा, पण वरचा कोट त्याचा देऊ नका. साधा फेव्हिकॉल सुकला की पारदर्शक दिसतो खरा, पण ओल लागली की परत मऊ पडतो, पांढरट होतो, आणि ट्रे म्हटलं की चहा सांडणारच. डिकूपाज ग्लू चिकटवतो पण आणि वर कडक थर पण धरतो, मॅट-ग्लॉसी हवं ते मिळतं, म्हणून तो महाग. तरी तोसुद्धा वॉटरप्रूफ नसतो हं, ओल्या फडक्याने रोज पुसायच्या ट्रेवर व्हार्निश मारावंच लागतं. मग ट्रेला खाली फेव्हिकॉल आणि वर वॉटरबेस्ड पीयू (पॉलियुरेथेन) व्हार्निशचे दोन-तीन पातळ हात, एवढं पुरे. ऑइलबेस्ड नको, काही दिवसांनी पिवळं पडतं आणि पांढऱ्या बेसवर ते लगेच दिसतं.

बाटल्या नुसत्या शोभेच्या असतील तर त्यांच्यासाठी मात्र छोटी बाटली घ्याच, वेगळं व्हार्निश लागत नाही. काच आधी स्पिरिटने पुसून घ्या, तेलकट बोटं लागली असतील तिथूनच कागद सुटतो.

नॅपकिनचे पदर नीट सोडवा, फक्त छापील वरचा ठेवायचा. सुटत नसेल तर कोपऱ्याला सेलोटेप लावून हलकेच ओढा. खाली पांढरा अ‍ॅक्रिलिक रंग हवाच, नाहीतर कागद ओला झाल्यावर लाकडाचा रंग दिसतो. फेव्हिकॉल निम्मं पाणी घालून पातळ करा, मऊ ब्रशने मधून कडेला न्या, ओल्या कागदावर परत परत ब्रश फिरवला की तो फाटतोच, त्यापेक्षा वर प्लॅस्टिकची पिशवी ठेवून बोटाने सुरकुत्या काढा. घरच्या इंकजेट प्रिंटवर हे करू नका, शाई पसरते, लेझर प्रिंट चालते.

आणि घाई नको. हाताला कोरडं लागलं म्हणजे पक्कं झालं असं नाही, मॉड पॉजसारख्या ग्लूला पूर्ण पक्कं व्हायला 4 आठवडे लागतात, तोवर एकावर एक ठेवले की चिकटून बसतात. घटस्थापनेच्या आसपास करून ठेवा.