वडिलांना 1978 साली मिळालेल्या पट्ट्याची जमीन सातबाऱ्यावर 'झुडपी जंगल' निघाली. ती आता वन खात्याची झाली का?

तुम्ही लिहिता की रामटेक तालुक्यात वडिलांना 1978 साली तहसीलदारांच्या आदेशाने तीन एकरांचा पट्टा, म्हणजे सरकारने कसायला दिलेली जमीन, मिळाला, तेव्हापासून वावर तुमच्याच वहिवाटीत आहे, आणि आता वनरक्षक येऊन जमीन सोडा म्हणतो. पहिलं म्हणजे, त्याच्या तोंडी सांगण्यावरून जमीन सोडू नका आणि वाचल्याशिवाय कुठल्याही पंचनाम्यावर सही करू नका. मी वकील नाही. पण पारशिवनीकडच्या आमच्या वावरावर हाच प्रसंग आला होता आणि त्यापायी नागपूर ते तहसील अशा फेऱ्या मी काही वर्षं मारल्या आहेत.

'झुडपी' ही नोंद झाडं मोजून झालेली नाही. मालगुजारीच्या, म्हणजे इकडच्या जुन्या जमीनदारीच्या काळात गावची मुरमाड, पडीत जमीन, जिथे पळस-बोराटीपलीकडे काही वाढत नाही आणि गुरं चरतात, ती झुडपी म्हणून लिहिली गेली. 31 मार्च 1951 ला मालगुजारी संपली आणि या जमिनी सरकारजमा झाल्या. तेव्हा आपण मध्य प्रदेशात होतो. 1956 मध्ये विदर्भ मुंबई राज्यात आला, सोबत दप्तरही आलं. पुढे सरकारनेच यातल्या जमिनी भूमिहीनांना, शाळांना, स्मशानभूमीला दिल्या. जमीन दिली, पण दप्तरातला शब्द तसाच राहिला. याचा राग मला आजही येतो, कारण चूक दप्तराची आणि अतिक्रमणदार ठरतो पट्टेदार.

तुमच्या बाबतीत तीन तारखा महत्त्वाच्या आहेत. 25 ऑक्टोबर 1980 पासून वनजमीन दुसऱ्या कामासाठी द्यायची तर केंद्राची आधी मंजुरी लागते. 12 डिसेंबर 1996 च्या, 'गोदावर्मन' या जंगलांच्या खटल्यातल्या आदेशात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सरकारी नोंदीत जे जंगल आहे ते जंगलच, मालकी कुणाचीही असो. आणि 22 मे 2025 च्या निकालात न्यायालयाने पूर्व विदर्भातली झुडपी जमीन वनजमीनच ठरवली. प्रश्न नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली मिळून सुमारे 86 हजार हेक्टरांचा होता. ही बातमी वाचून आमच्या गावात दोन दिवस चुली थंड होत्या. पण त्याच निकालात पट्टेदारांसाठी वाट आहे. 12 डिसेंबर 1996 पर्यंत सक्षम अधिकाऱ्याने दिलेल्या जमिनींसाठी राज्याने जिल्हावार एकत्रित प्रस्ताव करून केंद्राची मंजुरी घ्यायची आणि त्या वनक्षेत्राच्या यादीतून काढायच्या. त्यासाठी पर्यायी वनीकरणाची किंवा पैसे भरण्याची अट नाही. मात्र पुढे वापर बदलता येणार नाही आणि जमीन फक्त वारसाने जाईल. तेव्हा तिथे प्लॉट पाडण्याचा विचार कुणी डोक्यात घालत असेल तर त्याला दारातूनच परत पाठवा.

तुमचा पट्टा 1978 चा आहे, म्हणजे 1980 च्याही आधीचा. तुमची बाजू भक्कम आहे, पण ती कागदाने सिद्ध करावी लागेल.

आमचं घोडं इथेच अडलं होतं. बाबा गेल्यावर वारस फेरफाराला गेलो तेव्हा झुडपीचं कळलं. मूळ पट्टा ट्रंकेत होता, कौलातून गळलेल्या पाण्याने त्याचा लगदा झालेला. नक्कल मागितली तर नावावरून सापडत नाही, मामला क्रमांक आणा, असं उत्तर मिळालं. तो क्रमांक शेवटी जुन्या फेरफार पंजीत, म्हणजे हक्कातले बदल नोंदवायच्या वहीत सापडला. आमच्या नोंदीपुढे 'तहसीलदार यांचे आदेश, रा.मा.क्र.' (राजस्व मामला क्रमांक) अशी ओळ होती. त्यावरून बस्ता, म्हणजे जुन्या कागदांचं गाठोडं, निघाला. आत आदेश, बाबांचा अंगठा आणि चतुःसीमा होत्या: पूर्वेस नाला, दक्षिणेस पांदण, उत्तरेस झुडपी. ती शेवटची ओळ वाचून मला सगळा उलगडा झाला. मोठ्या खसऱ्यातून (सर्व्हे नंबरातून) आमचा तुकडा तोडून दिला, पण पोटहिस्स्याची मोजणीच झाली नाही. मग अख्खा खसरा कागदावर झुडपीच राहिला, आमच्या तीन एकरांसकट. तुमचंही बहुधा असंच निघेल.

म्हणून आदेशाची प्रमाणित नक्कल, सगळे फेरफार, 1954-55 चा अधिकार अभिलेख आणि गावचं निस्तार पत्रक (गावाच्या सामाईक वापराच्या जमिनींची नोंद) मिळवा. पोटहिस्स्याच्या मोजणीसाठी भूमी अभिलेख कार्यालयात अर्ज टाका. मग उपविभागीय अधिकाऱ्यांकडे लेखी मागणी करा की आमचा खसरा जिल्ह्याच्या एकत्रित प्रस्तावात घ्या. पोच घ्या. त्या प्रस्तावातून नाव सुटलं तर एकट्याने उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाची पायरी चढावी लागते, आणि तो खर्च तीन एकरांतल्या कपाशीला झेपत नाही.

एक फरक लक्षात ठेवा. तुमच्या सातबाऱ्यावर 'झुडपी' ऐवजी 'खासगी वन' असतं तर मामला वेगळा होता. तिथे 30 ऑगस्ट 1975 पासून लागू झालेला खासगी वने संपादन कायदा लागतो. भारतीय वन अधिनियमाच्या कलम 35(3) च्या नोटिशीवरून जमीन खासगी वन ठरवायची तर ती नोटीस नुसती काढून भागत नाही, ती मालकाला बजावलेली असावी लागते, असं सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये गोदरेज प्रकरणात सांगितलं आहे. कोकणातले बरेच वाद या प्रकारचे आहेत. त्यांचे निकाल दाखवून कुणी तुम्हाला दिलासा देत असेल तर भुलू नका, तुमचा आधार पट्टा आहे.

तहसीलला जाल तेव्हा आधी 1978-79 ची फेरफार पंजी मागा. क्रमांक हाती आला की बस्ता निघतो.