छपाई, सिनेमा, मोबाइल यांमुळे समाज खरंच बदलतो का?

बदलतो, पण आधी मनातली चित्रं बदलतात. आमच्या बडोद्याचंच उदाहरण घ्या. सयाजीरावांसाठी राजा रविवर्म्यांनी काढलेली पौराणिक चित्रं गेली राजवाड्यात. पण चित्रांच्या छापील प्रती काढा, असं रविवर्म्यांना सुचवलं होतं ते बडोद्याचे माजी दिवाण टी. माधवराव यांनीच. १८९४ मध्ये मुंबईत रविवर्म्यांचा छापखाना निघाला आणि कमळातली लक्ष्मी घरोघरी पोचली. ज्यांना देवळाची पायरी चढू देत नसत, त्यांच्याही भिंतीवर! माझ्या मते हा बदल सिनेमापेक्षा मोठा.

दांडिया बाजारात आजीच्या देवघरात तसलीच एक तसबीर आहे. पणजीने तिच्या साडीच्या काठाला खरी जर नि टिकल्या चिकटवल्यात, कागद उदबत्तीच्या धुराने पिवळा पडलाय. लक्ष्मी म्हटलं की आजीला हाच चेहरा दिसतो, देवळातली मूर्ती नाही.

सिनेमाही फार लांबचा नाही. बडोद्याच्या कलाभवनात शिकलेले दादासाहेब फाळके रविवर्म्यांच्या छापखान्यातही काम करून आले होते. त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट १९१३ चा.

मोबाइलचं म्हणाल, तर आजी त्याच तसबिरीचा फोटो दर शुक्रवारी फॅमिली ग्रुपवर टाकते. काचेत ट्यूबलाइट चमकते, तरी सगळे हात जोडतात.